घरच्या घरी ताप नीट कसा मोजावा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

तान्ह्या बाळांचे आई-बाबा, घरातल्या वयस्कर माणसांची काळजी घेणारी मुलं-सुना, वसतिगृहात एकटी राहणारी मुलं अशा सगळ्यांकडून वर्षभर येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. पाऊस सुरू झाला की ते दुपटीने येतात. एक विनंती आधीच करते. डॉक्टरांना फोनवर नुसतं "१०१ आहे" सांगू नका. कुठे लावला, कशाने मोजला, किती वाजता आणि त्याआधी औषध कधी दिलं होतं, हे सोबत सांगितलंत तरच त्या आकड्याला अर्थ येतो. खालची बहुतेक उत्तरं याच चार गोष्टींभोवती फिरतात.

१. किती भरला की "ताप आहे" म्हणायचं? ९९ म्हणजे ताप का?

थर्मामीटर कुठे लावला त्यावर ते ठरतं. जिभेखाली १०० फॅरनहाइट (३७.८ सेल्सिअस) किंवा त्याहून जास्त भरला, की ताप धरावा. काखेत ९९च्या (३७.२ सेल्सिअस) वर गेला तर कणकण आहे असं समजून अर्ध्या तासाने पुन्हा मोजावा. कानात किंवा गुदमार्गात १००.४ (३८ सेल्सिअस) ही रेषा मानतात. मोठ्या माणसाला संध्याकाळी जिभेखाली ९९.२ भरला आणि बाकी काही त्रास नसेल, तर तो ताप नव्हे. पहाटे तेवढाच भरला तर मात्र लक्ष ठेवा. असं का, ते पुढच्या उत्तरात आहे.

२. माझं नेहमी ९७.५ भरतं. ९८.६ पाहिजे ना? अशक्तपणा आहे का?

नाही. ९८.६ हा आकडा जर्मन डॉक्टर कार्ल वुंडरलिश यांच्या १८६८ सालच्या ग्रंथामुळे जगभर रुजला. त्यांनी लाइपझिगच्या रुग्णालयात हजारो रुग्णांच्या काखेत थर्मामीटर लावून नोंदी केल्या आणि सरासरी ३७ सेल्सिअस सांगितली. ३७चं फॅरनहाइट केलं की ९८.६ होतात. तो दशांशातला ६ फक्त गणितातून आलेला आहे, पण लोक त्यालाच धरून बसतात. १९९२मध्ये अमेरिकेत १४८ निरोगी तरुण-तरुणींचं तापमान जिभेखाली मोजलं, तेव्हा सरासरी ९८.२ आली. पहाटे सहाच्या सुमारास ते सर्वांत कमी आणि दुपारी चार ते सहाच्या दरम्यान सर्वांत जास्त होतं.

म्हणजे सगळ्यांचा "नॉर्मल" एक नसतो, आणि एका माणसाचाही दिवसभर एक राहत नाही. घरातली सगळी ठणठणीत असतील तेव्हा प्रत्येकाचं तापमान सकाळ-संध्याकाळ मोजून लिहून ठेवा. पुढे आजारपणात याच नोंदीशी ताडून पाहता येतं.

३. घरात एकच थर्मामीटर ठेवायचा तर कोणता घ्यावा?

साधा डिजिटल, टोकाला धातूची टोपी असलेला. स्वस्त आहे, फुटून पारा सांडण्याची भीती नाही आणि गल्लीतल्या औषधाच्या दुकानातही मिळतो. घरात तान्हं बाळ असेल तर टोक लवचीक असलेला पाहा. कपाळावरची गन सोयीची खरी, पण ती दुसरं साधन म्हणून ठेवा. कारण प्रश्न ९मध्ये आहे.

४. डिजिटल थर्मामीटर काखेत लावायची बरोबर पद्धत कोणती?

आधी काख कोरड्या फडक्याने टिपून घ्या. घासू नका, घासल्याने कातडी गरम होते. नुकती आंघोळ घातली असेल, मूल खेळून आलं असेल किंवा ब्लँकेटमधून बाहेर काढलं असेल तर पंधरा-वीस मिनिटं थांबा. बटण दाबा, पडदा स्थिर झाला की टोक काखेच्या अगदी खोल भागात ठेवा आणि दंड छातीशी घट्ट धरा. टोक चारही बाजूंनी कातडीने झाकलं गेलं पाहिजे. बहुतेक चुका इथेच होतात. टोक मागच्या बाजूने बाहेर डोकावत असतं, किंवा बनियनची कड मध्ये येते, आणि मोजलं जातं ते कापडाचं तापमान. मूल मांडीवर घेऊन त्याचा दंड आपल्या हाताने धरून ठेवला, की ते सहसा चुळबुळ करत नाही.

बीप वाजला तरी काखेतला थर्मामीटर लगेच काढू नका, आणखी दोनेक मिनिटं राहू द्या. (प्रश्न ६ पाहा.)

५. जिभेखाली जास्त बरोबर येतो म्हणतात. मग काखेत का लावायचा? आणि काखेतल्या आकड्यात १ मिळवायचा असतो ना?

जिभेखाली जास्त भरवशाचा येतो हे खरं, पण तोंड मिटून नाकाने श्वास घेता आला पाहिजे. चार-पाच वर्षांखालच्या मुलांना ते जमत नाही. नाक चोंदलेलं असेल, धाप लागत असेल किंवा माणूस ग्लानीत असेल तर मोठ्यांनाही जमत नाही. तिथे काखच बरी.

जिभेखाली लावताना टोक मध्यभागी पुढे ठेवू नका. जिभेच्या मुळाशी डाव्या किंवा उजव्या बाजूला एक खोबण असते, तिथे सरकवा. ओठ मिटा, दातांनी चावू नका, बोलू नका. चहा, कॉफी, गरम काढा किंवा फ्रिजमधलं पाणी घेतल्यावर निदान वीस-तीस मिनिटं जाऊ द्या. तापाच्या माणसाला आपण सारखं काही ना काही प्यायला देत असतो, त्यामुळे हे पाळणं अवघड जातं. म्हणून पाणी द्यायच्या आधीच मोजून घ्यावं.

एक मिळवायची पद्धत आपल्याकडे घरोघर आहे, पण ती सोडून द्या. काखेत कमी भरतो हे बरोबर, पण किती कमी ते माणसागणिक आणि वेळेगणिक बदलतं. त्यात आईने एक मिळवायचा आणि डॉक्टरांनी पुन्हा मनात एक धरायचा, म्हणजे ९९.५चे १०१.५ झाले. जो दिसला तो आकडा जसाच्या तसा सांगा आणि पुढे "काखेत" म्हणा.

६. बीप झाल्यावर पुन्हा पाहिलं तर आकडा वाढलेला असतो. खरा कोणता?

नंतरचा. साध्या डिजिटल थर्मामीटरच्या टोकात तापमानाप्रमाणे विजेचा रोध बदलणारा छोटा घटक असतो. तापमान वाढण्याचा वेग मंदावला की यंत्र "झालं" असं समजून बीप देतं. जिभेखाली हा अंदाज बहुधा बरोबर निघतो. काखेतली कातडी तापायला वेळ लागतो, म्हणून तिथे बीपनंतरही आकडा हळूहळू चढत राहतो. काही महागडे थर्मामीटर दहा सेकंदांत अंदाजाने आकडा सांगतात. तशा थर्मामीटरला त्याच्या माहितीपत्रकातली पद्धत लावा.

७. आमच्याकडे जुना काचेचा, पाऱ्याचा आहे. आम्हाला त्यावरच विश्वास आहे. वापरला तर चालेल का?

नीट वापरला तर तो चांगलं मोजतो, यात वाद नाही. पण लहान मुलं असलेल्या घरात तो ठेवू नये असंच मी सांगेन. पारा विषारी आहे. पाऱ्याच्या वस्तू टप्प्याटप्प्याने बंद करण्यासाठी २०१३मध्ये मिनामाता करार झाला आणि भारतानेही २०१८मध्ये त्याला मान्यता दिली.

वापरणारच असाल तर आधी मनगटाने झटकून पारा ९५च्या खाली आणा. फुग्याजवळ नळी मुद्दाम चिंचोळी केलेली असते. त्यामुळे चढलेला पारा आपोआप खाली येत नाही आणि सकाळचा ताप दुपारी पुन्हा वाचला जातो. झटकताना पलंग, टेबल, ओटा यांपासून लांब उभं राहा. काखेत निदान पाच मिनिटं, जिभेखाली तीन मिनिटं ठेवा. वाचताना फुग्याला हात न लावता डोळ्यांच्या रेषेत आडवा धरा आणि सावकाश फिरवत जा. एका कोनात पाऱ्याची चंदेरी पट्टी एकदम रुंद दिसते. फॅरनहाइटच्या दोन अंशांमध्ये पाच घरं असतात, म्हणजे एक घर ०.२चं. १००च्या पुढे तीन रेघा म्हणजे १००.६, १००.३ नव्हे. धुताना गरम पाणी कधीच नको, पारा पसरून काच तडकते.

८. पाऱ्याचा थर्मामीटर फुटला आणि गोळ्या फरशीवर पसरल्या. आता?

घाबरू नका, पण केरसुणी आणि व्हॅक्युम क्लीनर यांना हात लावू नका. केरसुणीने गोळ्यांचे आणखी बारीक कण होतात. व्हॅक्युमने पाऱ्याची वाफ घरभर पसरते, आणि खरा धोका त्या वाफेचाच असतो.

मुलं, गरोदर बाई आणि मांजर-कुत्रा यांना दुसऱ्या खोलीत पाठवा. खिडक्या उघडा, पंखा आणि एसी बंद ठेवा. हातातली अंगठी, बांगड्या काढा, कारण पारा सोन्याला धरतो. हातमोजे किंवा प्लॅस्टिकच्या पिशव्या हातात घाला. काचेचे तुकडे आधी उचला. मग दोन जाड पुठ्ठ्यांनी किंवा जुन्या पत्त्यांनी गोळ्या हळूहळू एकत्र ढकला आणि ड्रॉपरने उचला. फरशीच्या फटीतले बारीक कण चिकटपट्टीने टिपा. अंधार करून टॉर्च फरशीलगत आडवा धरला तर राहिलेले कण चमकून दिसतात. हे सगळं झाकण घट्ट बसणाऱ्या बाटलीत भरा, वर "पारा" असं लिहा आणि घरगुती घातक कचऱ्यात द्या. मोरीत किंवा संडासात ओतू नका. गादीवर किंवा गालिच्यावर सांडला असेल तर तेवढा भाग कापून काढावा लागतो, धुऊन भागत नाही.

मुलाने जिभेखालचा थर्मामीटर चावला आणि पारा गिळला तर? एका थर्मामीटरमध्ये साधारण अर्धा ते एक ग्रॅम पारा असतो, आणि धातूच्या रूपातला पारा आतड्यातून फारसा शोषला जात नाही. उलटी काढायला लावू नका. काच तोंडात किंवा घशात लागली आहे का ते पाहा आणि डॉक्टरांना दाखवा.

९. गनने कपाळावर ९७ दाखवतो, काखेत १०१. गन खोटी आहे का?

कपाळावरची गन शरीराच्या आतलं तापमान मोजत नाही. कातडीतून बाहेर पडणारी अवरक्त किरणं टिपून ती आतल्या तापमानाचा हिशेब मांडते. त्यामुळे कातडी थंड झाली की आकडा घसरतो. घाम आला, कपाळावर मिठाच्या पाण्याच्या घड्या ठेवल्या, बाम चोळला, पंख्याखाली झोपवलं, यातलं काहीही पुरेसं असतं. आणि आपण तापाच्या माणसाला नेमकं हेच सगळं करतो.

हुडहुडी भरलेली असताना तर गन हमखास फसवते. मलेरियासारख्या तापात थंडी वाजते तेव्हा कातडीकडचा रक्तपुरवठा आवळलेला असतो. हातपाय गार, कपाळ गार, आणि आत ताप सरसर चढत असतो. अशा वेळी काख किंवा जीभ हाच आधार.

दुसरं कारण खोलीचं. बऱ्याच गनच्या माहितीपत्रकात १६ ते ४० सेल्सिअस ही कामाची मर्यादा छापलेली असते. मे महिन्यात नागपूर-चंद्रपूरकडे पारा ४५च्या आसपास असतो. पत्र्याच्या खोलीत किंवा उन्हात लावलेल्या गाडीत ठेवलेली गन त्या मर्यादेच्या बाहेरच काम करत असते. माणूस आणि गन दोन्ही एकाच थंड, वारा नसलेल्या खोलीत निदान वीस मिनिटं असू द्या.

मग अंतर. काही गन १ सेंटिमीटरवरून मोजतात, काही ३ ते ५वरून. आपल्या गनच्या खोक्यावर पाहा. केस बाजूला करा, कपाळाच्या मधोमध सरळ धरा, भिंग मऊ कोरड्या कापडाने पुसा. शेवटची गोष्ट बटणाची. पुष्कळ गनमध्ये शरीरासाठी एक आणि वस्तूंसाठी (दुधाची बाटली, आंघोळीचं पाणी) दुसरी अशी सोय असते. खेळता खेळता मुलांनी ती बदलली की निरोगी माणसालाही ९३-९४ दाखवते.

१०. कानाचा थर्मामीटर कसा आहे?

कानात नीट बसला तर चांगला. सहा महिन्यांखालच्या बाळाला वापरू नये, कानाची नळी फार अरुंद असते. टोक पडद्याच्या दिशेने गेलं पाहिजे, म्हणून एक वर्षापुढे सगळ्यांचा कान वर आणि मागे ओढा. त्याहून लहान बाळाचा सरळ मागे. ज्या कानावर झोपले होते तो गरम असतो, उठल्यावर जरा थांबा. मळ साचलेला असेल तर कमी दाखवू शकतो. कान दुखत किंवा वाहत असेल तर तो कान सोडा.

११. लागोपाठ तीनदा मोजलं, तीन आकडे आले. कोणता धरू?

एक-दोन दशांशांचा फरक सगळ्याच यंत्रांत असतो, तो सोडून द्या. पूर्ण अंशाचा फरक असेल तर पद्धतीत काही चुकतंय. प्रश्न ४ आणि ९ पुन्हा वाचा. दोन मोजण्यांमध्ये दोन-तीन मिनिटं जाऊ द्या, आणि काख, कान, कपाळ यांचे आकडे एकमेकांशी ताडू नका. आजारपणभर एकच जागा, एकच थर्मामीटर. पडदा पुसट दिसू लागला तर आधी सेल बदला.

१२. डॉक्टर फॅरनहाइटमध्ये विचारतात, आमचा थर्मामीटर ३८.५ दाखवतो.

३७ म्हणजे ९८.६, ३८ म्हणजे १००.४, ३९ म्हणजे १०२.२, ४० म्हणजे १०४. अर्धा सेल्सिअस म्हणजे ०.९ फॅरनहाइट, म्हणून ३८.५ म्हणजे १०१.३. बऱ्याच थर्मामीटरमध्ये बटण दाबून धरलं की एकक बदलतं.

१३. दोन महिन्यांच्या बाळाचं अंग गरम लागतंय. घरी किती वाट पाहायची?

वाट पाहायची नाही. तीन महिन्यांखालच्या बाळाला १००.४ किंवा जास्त भरला तर रात्र असो की सुट्टीचा दिवस, त्याच दिवशी डॉक्टरांकडे. काखेत ९९च्या वर गेला तरी फोन करा. डॉक्टरांना विचारल्याशिवाय औषध देऊ नका.

मोजण्याआधी एक करा. बाळ टोपडं, स्वेटर आणि दुपट्यात गुंडाळलेलं असेल तर एखादा थर कमी करा आणि पंधरा मिनिटांनी काखेत मोजा. कमी भरला तर अति गुंडाळल्याचा परिणाम असू शकतो. पण बाळ पीत नसेल किंवा मलूल असेल तर ही पंधरा मिनिटंही घालवू नका. दिसायला सोपं वाटलं तरी गुदमार्गात थर्मामीटर घालायचं डॉक्टरांनी किंवा नर्सने शिकवल्याशिवाय करू नका.

नवजात बाळाचं तापमान कमी भरणंही तितकंच गंभीर असतं, हे अनेकांना ठाऊक नसतं. काखेत ९७.७ ते ९९.५ (३६.५ ते ३७.५ सेल्सिअस) हे ठीक मानतात, तरी ९९च्या वर गेलं तर वर सांगितल्याप्रमाणे फोन कराच. ९७.७च्या खाली गेलं तर बाळाला आईच्या उघड्या छातीशी कातडीला कातडी लावून धरा, वरून पांघरा आणि पुन्हा मोजा. वाढत नसेल तर दवाखाना. जंतुसंसर्ग झालेल्या नवजात बाळाचं अंग तापण्याऐवजी गार पडू शकतं. घरी येणाऱ्या आशाताईंच्या पिशवीत डिजिटल थर्मामीटर असतो तो यासाठीच. घरी जाऊन नवजात बाळाची काळजी घेण्याची ही पद्धत गडचिरोलीत डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या "सर्च" संस्थेने उभी केली आणि पुढे ती देशभर गेली. ताई आल्या की त्यांच्याकडून एकदा लावून दाखवायला सांगा, त्यांचा हात बसलेला असतो.

१४. दीड महिन्याची लस दिली, रात्री ताप आला. लसीचाच असेल ना?

असू शकतो. लसीचा ताप बहुधा पहिल्या एक-दोन दिवसांत येऊन जातो. पण बाळ तीन महिन्यांखालचं आहे, तेव्हा प्रश्न १३मधला नियम लागू आहेच. फोन करून लसीची वेळ आणि आकडा दोन्ही सांगा. दोन दिवसांनंतर राहिलेला किंवा नव्याने आलेला ताप लसीच्या खात्यावर घालू नका.

१५. हाताला अंग चटका बसेल इतकं गरम लागतं, पण थर्मामीटर नॉर्मल. अंगात मुरलेला ताप असतो का?

थर्मामीटरला दिसत नाही असा ताप नसतो. आपले हात गार असले, नुकती भांडी घासून आलो असलो, तर समोरचं कपाळ गरम लागतंच. आईच्या हाताला अंग गार लागलं तर बहुधा ताप नसतो, पण गरम लागलं म्हणजे आहेच असं नाही. मात्र ताप चढता-उतरता असेल तर आपण मोजतो तेव्हा नेमका उतरलेला असू शकतो. पुन्हा कणकण वाटेल त्या क्षणी मोजा. तो आकडा जास्त बोलका असतो.

१६. औषध दिल्यावर किती वेळाने मोजायचा? रात्री झोपेतून उठवायचं का?

औषध द्यायच्या आधी एकदा आणि दिल्यावर तासाभराने एकदा. पॅरासिटामॉलचा परिणाम दिसायला अर्धा ते एक तास लागतो. एरवी चार-सहा तासांनी पुरे. दर दहा मिनिटांनी मोजून मूलही वैतागतं आणि आईही. शांत झोपलेल्या मुलाला केवळ मोजण्यासाठी उठवू नका. श्वास जोरात चालला असेल किंवा हलवूनही नीट जागं होत नसेल, तर थर्मामीटर शोधत बसण्यापेक्षा दवाखाना गाठा.

जुनी वही घ्या आणि एका ओळीत एक नोंद करा: "मंगळवार, संध्या. ७.१०, काखेत, १०१.४, सिरप ५ मिली ७.१५ला." खाली "८.२०, काखेत, ९९.८, खेळतोय, दोनदा शू." शेवटचे शब्द विसरू नका. मूल पाणी पितंय का, लघवी होते का, नजर कशी आहे, हे डॉक्टर आकड्याइतकंच विचारतात.

१७. आजींना फक्त ९९.४ आहे, पण कालपासून जेवत नाहीत आणि विसंगत बोलतात. थांबावं का?

थांबू नका. वय वाढलं की मुळातलं तापमान कमी असतं आणि मोठ्या संसर्गातही ताप फारसा चढत नाही. एरवी ९७ भरणाऱ्या आजींना ९९.४ म्हणजे दोन अंशांहून जास्त वाढ झाली. प्रश्न २मधली नोंद इथे उपयोगी पडते. ती नसेल तरी अचानक बोलण्यात गोंधळ होणं हे स्वतंत्रपणे डॉक्टरांना दाखवण्याचं कारण आहे.

१८. डेंग्यू आहे. चौथ्या दिवशी ताप उतरला, मोजणं थांबवू का?

मोजणं कमी करा, लक्ष ठेवणं वाढवा. डेंग्यूत तिसऱ्या ते सातव्या दिवसाच्या दरम्यान ताप उतरतो, आणि धोक्याचा काळ तेव्हाच सुरू होऊ शकतो. घरचे निर्धास्त होतात ते नेमके याच वेळी. पोटात सतत दुखणं, वारंवार उलट्या, हिरड्यांतून किंवा नाकातून रक्त, हातपाय गार आणि चिकट, फार ग्लानी किंवा अस्वस्थता, लघवी कमी होणं, यातलं काहीही दिसलं तर थर्मामीटरवर ९८ असला तरी ताबडतोब रुग्णालय. डेंग्यूची शंका असताना ॲस्पिरिन किंवा आयबुप्रोफेन देऊ नये.

१९. उन्हात काम करताना माणूस पडला. अंग तापलंय, पण काखेत १०२च भरतो. उष्माघात नसेल ना?

असू शकतो. उष्माघातात आतलं तापमान १०४च्या वर जातं, पण घाम आणि वारा यांमुळे काख आणि कपाळ कमी दाखवतात. बरळणं, झोकांड्या, फिट किंवा बेशुद्धी असेल तर आकड्याची वाट पाहू नका. १०८ला फोन लावा, सावलीत घ्या, कपडे सैल करा, अंगभर पाणी ओतून वारा घाला. पॅरासिटामॉल इथे उपयोगाचं नाही. शुद्ध हरपली असेल तर तोंडातून पाणी देऊ नका.

२०. स्मार्ट घड्याळ रोज तापमान दाखवतं. ते चालेल?

ते मनगटाच्या कातडीचं असतं. रोजच्यापेक्षा फरक पडलाय एवढी सूचना त्यातून मिळते. ताप म्हणून तो आकडा लिहू नका. कपाळावर चिकटवायच्या रंग बदलणाऱ्या पट्ट्याही भरवशाच्या नाहीत.

२१. मला महिन्यातले काही दिवस ९९ भरतं, बाकी काही नाही. काळजीचं आहे का?

पाळी येणाऱ्या बाईचं तापमान बीज सुटल्यानंतर साधारण अर्धा ते एक फॅरनहाइटने चढतं आणि पाळीच्या सुमारास उतरतं. वहीत तारखांसोबत लिहिलंत तर दोन-तीन महिन्यांत हे चक्र दिसून येईल.

चक्राशी न जुळणारी, रोज संध्याकाळी येणारी कणकण वेगळी. ती बाई असो वा पुरुष, दोन आठवडे टिकली आणि सोबत खोकला, रात्री घाम किंवा वजन घटणं असेल, तर सरकारी आरोग्य केंद्रात थुंकीची तपासणी करून घ्या. क्षयरोगाची ही तपासणी आणि उपचार दोन्ही तिथे मोफत असतात. जाताना सकाळ-संध्याकाळच्या नोंदींचं पान सोबत न्या. सकाळी अकराला केंद्रावर मोजतील तेव्हा ताप नसण्याचीच शक्यता जास्त.